आंजेय मुंक : वीरगाथेची उलटतपासणी

१

पोलंडच्या इतिहासात पराभवाला जी प्रतिष्ठा लाभली आहे, ती इतर कित्येक राष्ट्रांच्या इतिहासांत विजयालाही लाभलेली नाही. रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया ह्या तीन दरबारांनी १७९५ साली ते राज्य आपापसांत पुरते वाटून घेतल्यावर १९१८ पर्यंत, म्हणजे १२३ वर्षे, नकाशावर त्याचे नावही उरले नव्हते. आणि ह्या काळात १८३० व १८६३ साली जे दोन मोठे उठाव झाले, ते दोन्ही निर्दयपणे चिरडले गेले, परंतु चिरडले गेल्यामुळेच काव्यात, चित्रकलेत आणि शाळकरी मुलांच्या पाठांतरात ते चिरंजीव झाले. १९४४ च्या वॉर्साच्या उठावाने ह्या परंपरेवर कळस चढवला. १ ऑगस्टला सुरू झालेली ती झुंज ६३ दिवस चालली. दीड ते दोन लाखांच्या घरात नागरिक प्राणास मुकले. आणि शरणागतीनंतर रिकाम्या झालेल्या शहराच्या इमारती जर्मनांनी रस्त्यामागून रस्ता, सुरुंग लावून आणि आगी घालून, जमीनदोस्त केल्या. अशा देशात, ती राख पुरती निवली नव्हती तोच, एका दिग्दर्शकाने नेमक्या त्याच उठावावर विनोदाच्या अंगाने जाणारा चित्रपट काढावा, आणि त्याचा नायक म्हणून चोरट्या व्यापारात चार पैसे गाठीला बांधणारा, मद्याचा शौकीन आणि जिवाला जपणारा एक गृहस्थ निवडावा, ही गोष्ट धाडसाची होती एवढेच म्हणून भागणार नाही. पुष्कळांच्या दृष्टीने ती अभद्र होती. तो चित्रपट म्हणजे ‘एरोइका’, आणि तो दिग्दर्शक आंजेय मुंक.

मुंकचे नाव आपल्याकडच्या चित्रपटरसिकांच्या ओठांवर सहसा येत नाही. पोलिश चित्रपटाची गोष्ट निघाली की प्रथम आंजेय वायदाचे नाव निघते, आणि ते योग्यच आहे. मागाहून पोलान्स्की येतो, किश्लोव्स्की येतो. मुंकच्या खाती जमा आहेत ते पूर्ण लांबीचे म्हणावेत असे अवघे चार चित्रपट, त्यांतलाही शेवटचा अपुरा, आणि त्याअगोदरचे काही अनुबोधपट. चाळिशीच्या उंबरठ्यावर तो मोटार-अपघातात गेला, आणि ज्या दशकात पूर्व युरोपच्या चित्रपटांकडे साऱ्या जगाचे लक्ष वेधले गेले, त्या दशकाच्या आरंभीच त्याचे दप्तर मिटले. तथापि हे चार चित्रपट लागोपाठ पाहणाऱ्याच्या ध्यानात एक गोष्ट आल्यावाचून राहत नाही, ती ही की, त्यांतल्या प्रत्येकात कोणी ना कोणी जबानी देत असते किंवा कोणाविषयी तरी आख्यायिका सांगत असते, आणि ती जबानी, ती आख्यायिका, पुरती खरी नसते. वायदा आपल्या वीरांवर प्रेम करतो आणि त्यांच्या मरणाला सौंदर्य देतो. मुंक त्यांना साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे करतो. ह्या उलटतपासणीमागे पाखंड होते की श्रद्धेचाच एक अधिक कठोर प्रकार होता, हा त्याच्या कारकिर्दीचा विचार करताना खरा महत्त्वाचा प्रश्न आहे.

२

मुंकचा जन्म १९२१ साली क्राकूव येथे ज्यू वंशाच्या कुटुंबात झाला. जर्मन अंमल सुरू झाला तेव्हा तो ऐन उमेदीत होता. ते दिवस त्याने वॉर्सात खरी ओळख दडवून आणि बांधकामावर मोलमजुरी करून काढले, आणि १९४४ च्या उठावातही भाग घेतला. म्हणजे ज्या घटनेची पुढे त्याने थट्टा केली असा आक्षेप आला, ती त्याने दुरून, खिडकीत उभे राहून पाहिलेली नव्हती. युद्ध संपल्यावर त्याने प्रथम वास्तुशास्त्राचा अभ्यास आरंभला, मग कायद्याचा, आणि अखेरीस लोड्झच्या नव्याने निघालेल्या चित्रपट-विद्यालयात तो स्थिरावला; १९५१ मध्ये तेथून बाहेर पडून वॉर्साच्या सरकारी अनुबोधपट-संस्थेत रुजू झाला. वास्तुशास्त्र आणि कायदा हे दोन्ही अभ्यास त्याने सोडले खरे. पण त्याच्या चित्रपटांची काटेकोर बांधणी आणि त्यांतली साक्षीपुराव्याची दृष्टी पाहिली की वाटते, त्या अभ्यासांनी त्याला सोडले नसावे.

तो काळ अनुकूल नव्हता. १९४९ च्या नोव्हेंबरात विस्वा येथे भरलेल्या चित्रपट-व्यावसायिकांच्या संमेलनात समाजवादी वास्तववाद हाच एकमेव ग्राह्य मार्ग असल्याचे जाहीर झाले होते, आणि त्या फर्मानाचा अर्थ व्यवहारात असा होई की, पडद्यावरचा कामगार नेहमी हसतमुख असावा, जुन्या पिढीतला तज्ज्ञ संशयास्पद असावा आणि शेवटच्या रिळात उत्पादन वाढलेले असावे. मुंकने आरंभी ही चाकरी निमूटपणे केली. क्राकूवजवळ उभ्या राहत असलेल्या नोव्हा हुता ह्या पोलादनगरीवर त्याने १९५१ मध्ये अनुबोधपट केला. १९५३ मध्ये ‘रेल्वे कामगाराचा शब्द’ हा मालगाडीच्या प्रवासावरचा, आणि १९५४ मध्ये विटोल्ड लेशेविचच्या सहकार्याने कोळशाच्या खाणीवरचा. परंतु ह्या चाकरीतच त्याने एक विद्या हस्तगत केली. माणसे काम करतात तेव्हा कशी उभी राहतात, कोणत्या हाताने तरफ ओढतात, रात्रीच्या पाळीत एकमेकांशी किती थोडके बोलतात, हे त्याने इतक्या बारकाईने टिपले की, वरचा प्रचाराचा मुलामा खरवडून काढला तरी खालचे काम शाबूत राहावे. १९५५ चा ‘निळा क्रूस’ हा ह्या पर्वाचा अखेरचा आणि सर्वांत उत्तम नमुना होय. १९४५ च्या हिवाळ्यात तात्रा पर्वतातल्या बचाव-पथकाने आघाडी ओलांडून जखमी बंडखोरांना बर्फातून सोडवून आणले, ती हकीकत त्यात आहे. आणि त्यात कामे करणारे पुष्कळसे लोक पेशाने नट नसून डोंगरातले खरेखुरे बचावकर्तेच आहेत. दोराला लटकलेल्या माणसाची भीती अभिनयाने आणावी लागली नाही. ह्या चित्रपटात शौर्य आहे, पण भाषण नाही. आणि भाषणाशिवायचे शौर्य कसे दिसते हे एकदा पाहिलेल्या माणसाला पुढे भाषणबाज शौर्याचा तिटकारा यावा, हे क्रमप्राप्तच होते.

३

स्टालिन १९५३ मध्ये वारला. १९५६ च्या जूनमध्ये पोझनानच्या कामगारांवर गोळ्या चालल्या, आणि ऑक्टोबरात गोमुल्का सत्तेवर येऊन देशातले वातावरण काही काळ तरी सैल झाले. मुंकचा पहिला कथाचित्रपट ‘रुळांवरचा माणूस’ नेमक्या ह्याच वर्षी तयार झाला आणि १९५७ च्या जानेवारीत प्रदर्शित झाला. पटकथा येझी स्तेफान स्ताविन्स्की ह्या लेखकाची होती. हा लेखक स्वतः वॉर्साच्या उठावात लढलेला, शहराखालच्या गटारांतून वाट काढलेला आणि नंतर जर्मनांच्या युद्धबंदी छावणीत दिवस काढलेला. त्याच्याच कथेवर वायदाने ‘कनाल’ काढला, आणि त्याच्याच लेखणीतून मुंकचे पहिले तीन चित्रपट उतरले. एकाच लेखकाच्या अनुभवातून एकाने शोकांतिका घडवली आणि दुसऱ्याने उपरोध, हा योगायोग पोलिश चित्रपटाच्या अभ्यासकाला पुष्कळ शिकवणारा आहे.

‘रुळांवरचा माणूस’ची कथा एका अपघातापासून सुरू होते. रात्रीच्या अंधारात धावणाऱ्या गाडीसमोर एक वृद्ध मनुष्य उभा असलेला ड्रायव्हरला दिसतो; गाडी थांबते, पण तोवर तो चिरडला गेलेला असतो. मृत मनुष्य म्हणजे ओझेहोव्स्की, त्याच खात्यातला निवृत्त इंजिन ड्रायव्हर. जवळच्या सिग्नलवर दोन दिवे असावयाचे, त्यांतला एक विझलेला आढळतो. दोन दिवे म्हणजे वेग कमी करा. एकच दिवा म्हणजे मार्ग मोकळा. मग हा दिवा कोणी विझवला? खात्यातून अपमानाने बाहेर पडलेल्या म्हाताऱ्याने सूड म्हणून घातपात केला, असा निष्कर्ष काढणे सोयीचे असते, आणि चौकशी-समितीपुढे स्टेशनमास्तर तुश्का जी जबानी देतो ती त्या दिशेनेच जाते. त्याच्या सांगण्याप्रमाणे ओझेहोव्स्की अहंकारी होता, नव्या राजवटीचा द्वेष्टा होता, कोळसा वाचवण्याच्या चढाओढीची त्याने टवाळी केली होती. त्यानंतर त्याचा एके काळचा फायरमन झापोरा बोलतो, आणि त्याच प्रसंगांना निराळा रंग चढतो. शेवटी फाटकवाला सावाता सांगतो, आणि कोडे उलगडते. म्हातारा गाडी पाडायला आलेला नव्हता. सिग्नल चुकला आहे हे त्याच्या जुन्या डोळ्यांना उमगले होते, आणि गाडी थांबवण्यासाठी त्याच्यापाशी स्वतःच्या देहावाचून दुसरे साधन उरले नव्हते.

अनेक साक्षीदारांच्या तोंडून एकच घटना सांगण्याची ही रीत कुरोसावाच्या ‘राशोमोन’ने जगाला परिचित करून दिली होती, आणि मुंकवर तिचे ऋण आहे असे म्हणण्याचा मोह होतो. पण दोहोंतला भेद मूलभूत आहे. ‘राशोमोन’मध्ये सत्य हाती लागतच नाही, मुंककडे ते लागते, फक्त उशिरा लागते, आणि ज्याच्या बाजूने ते उभे राहते तो तोवर मेलेला असतो. मुंकला सत्याच्या अस्तित्वाविषयी शंका नव्हती. सत्य शोधण्यापूर्वीच निकाल लिहून ठेवणाऱ्या कचेरीविषयी होती. काझिमियेझ ओपालिन्स्की ह्या नटाने उभा केलेला ओझेहोव्स्की गोडगोजिरा आजोबाही नाही: तो तुसडा आहे, हाताखालच्यांना जाच करणारा आहे, आणि आपल्या हुन्नराचा त्याला उद्धट म्हणावा असा अभिमान आहे. स्टेशनमास्तरच्या जबानीतले दोष धादांत खोटे नाहीत. त्या दोषांवरून काढलेला अर्थ खोटा आहे. म्हणून चित्रपटाच्या अखेरीस, सगळे ऐकून झाल्यावर, तुश्का उठतो, खोलीत कोंदटल्यासारखे होते आहे असे म्हणतो आणि खिडकी उघडतो, तेव्हा १९५७ च्या पोलिश प्रेक्षकाला कोणती हवा आत यायला हवी आहे हे समजावून सांगण्याची गरज पडली नाही. त्या वर्षी कार्लोव्ही व्हारीच्या महोत्सवात मुंकला उत्कृष्ट दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले.

ह्या चित्रपटातही जुन्या साच्याचे अवशेष आहेत, हे मान्य केले पाहिजे. झापोराचा सच्चेपणा जरा जास्तच झळझळीत आहे, आणि चौकशी-समितीला अखेर न्याय उमगतो हा आशावाद त्या व्यवस्थेच्या बाबतीत उदार म्हणावा असाच आहे. परंतु वाफेची इंजिने, रात्रीचे रूळ, ओला धूर आणि चाकांचा खडखडाट ह्यांचे जे दर्शन येथे घडते, त्यात अनुबोधपटांच्या उमेदवारीतली सारी पुंजी कामी आलेली दिसते.

४

त्यानंतर ‘एरोइका’. प्रदर्शन १९५८ च्या आरंभीचे. नाव बेटहोव्हेनच्या तिसऱ्या सिंफनीवरून घेतलेले, आणि चित्रपटाचे दोन भाग संगीताच्या परिभाषेत नामांकित केलेले: पहिला ‘स्केर्झो आला पोलाक्का’, दुसरा ‘ओस्तिनातो लुगुब्रे’. तिसरा भागही चित्रित झाला होता. तो मुंकने स्वतःच वगळला, आणि तो वगळण्यात त्याने रसिकतेचा उत्तम कस दाखवला असेच म्हणावे लागते, कारण उरलेले दोन भाग एकमेकांना नाण्याच्या दोन बाजूंप्रमाणे पुरे आहेत.

पहिल्या भागाचा नायक जिजूश गुर्क्येविच. उठावात सामील झालेल्या हौशी सैनिकांच्या कवायतीत तो उभा आहे; शत्रूचे विमान येताच तो पळ काढतो, तो थेट शहराबाहेरच्या आपल्या घरी. तेथे त्याच्या बायकोच्या सहवासात एक हंगेरियन अधिकारी आढळतो. हंगेरीची पलटण जर्मनांच्या बाजूची. पण युद्धाचा रंग ओळखून ती उठाववाल्यांना तोफा-बंदुकांची मदत देऊ करते, आणि हा निरोप पोचवण्याची कामगिरी गळ्यात पडते ती ह्याच जिजूशच्या. बायकोच्या प्रियकराचा निरोप घेऊन, मरणाच्या दाढेत, तो शहराकडे पुन्हा येजा करू लागतो. वाटेत पकडला जातो, सुटतो, पितो. त्यातला एक प्रसंग पाहणाऱ्याच्या स्मरणातून जात नाही. बाटलीच्या संगतीत तर्र झालेला जिजूश स्वतःशीच रमलेला आहे, आणि त्याच चौकटीत, त्याच्या पाठीमागे, एक जर्मन रणगाडा येऊन ठाकतो. कॅमेरा घाबरत नाही, जवळ जात नाही, संगीताने इशारा देत नाही. एका बाजूला मद्यपी आणि दुसऱ्या बाजूला पोलाद, एवढेच आपण पाहत राहतो, आणि हसू आवरत नाही म्हणून मनात ओशाळतो. येझी वुईचिकच्या छायाचित्रणाचा संयम येथे दिग्दर्शकाच्या विनोदबुद्धीशी एकजीव झाला आहे.

एवढा खटाटोप करून त्या वाटाघाटींतून काहीही निष्पन्न होत नाही. आणि तरीही शेवटी, बायकोला, घराला आणि सुरक्षित बागेला पाठ दाखवून, जिजूश जळत्या वॉर्साकडे परत जातो. का जातो, हे तो सांगत नाही. बहुधा त्यालाही ते ठाऊक नसते. ज्यांनी ह्या भागाला निव्वळ टवाळी म्हटले, त्यांनी हा परतीचा प्रवास नीट पाहिला नसावा. एदवार्द जेवोन्स्की हा मूळचा विनोदी नट, आणि त्याने ही भूमिका अखेरपर्यंत विनोदीच ठेवली. तिच्यात शेवटी गांभीर्याची एखादी रेघ मारून प्रेक्षकांचे डोळे ओले करण्याचा सोपा मार्ग त्याने आणि मुंकने दोघांनीही टाळला.

दुसरा भाग युद्धबंदी अधिकाऱ्यांच्या छावणीत घडतो. उठाव फसल्यावर पकडलेले दोन अधिकारी तेथे आणले जातात, आणि त्यांची गाठ पडते ती १९३९ पासून तेथेच खितपत पडलेल्या, पाच वर्षांत ज्यांची घड्याळे जणू थांबली आहेत, अशा सरंजामी शिस्तीच्या मंडळींशी. हुद्दे, सलाम, मानापमानाच्या तक्रारी, कोणी कोणाशी बोलावयाचे नाही ह्याचे ठराव: सारे जसेच्या तसे चालू आहे. ह्या कुजत चाललेल्या समाजाला तगवून धरणारी एकच गोष्ट आहे, ती म्हणजे लेफ्टनंट झाविस्तोव्स्कीची आख्यायिका. तो एकटा ह्या छावणीतून निसटला. तो आता कोठेतरी लढत असेल. तो सुटला म्हणजे आपल्यातला एक अंश सुटला. वस्तुस्थिती अशी की झाविस्तोव्स्की कोठेही गेलेला नाही. तो त्यांच्याच डोक्यावर, बराकीच्या माळ्यावर, दडून बसला आहे. दोनचार जणांना ते ठाऊक आहे आणि ते त्याला चोरून अन्न पोचवतात. खाली त्याच्या पराक्रमाच्या गोष्टी चालतात आणि वर तो आजारी, एकटा, स्वतःच्याच कीर्तीचा कैदी होऊन पडलेला. अखेर तो तेथेच मरतो. प्रेतदेखील गुपचूप हलवले जाते. आणि आख्यायिका अबाधित राहते.

येथे मुंकने जो प्रश्न मांडला आहे तो भल्याभल्यांना निरुत्तर करणारा आहे. ही आख्यायिका खोटी आहे, म्हणून ती फोडावी काय? ती फुटली तर खालची शेकडो माणसे मोडून पडतील. मग ती जपावी काय? तर तिची किंमत माळ्यावरचा एक जिवंत मनुष्य चुकवतो आहे. मुंक निवाडा देत नाही. परंतु बखरीत ज्याचे नाव सोन्याच्या शाईने लिहिले जाते, त्याला प्रत्यक्षात काय खावे लागले हे विचारल्यावाचून बखर मिटू नये, एवढा आग्रह तो धरतो.

ह्या चित्रपटाने पोलिश मने दुखावली, आणि त्यांच्या दुखावण्यालाही न्याय दिला पाहिजे. स्टालिनच्या अमदानीत उठावातल्या गृहसेनेच्या, म्हणजे भूमिगत पोलिश फौजेच्या, सैनिकांना देशद्रोही ठरवून तुरुंगात टाकण्यात आले होते, कित्येकांना देहान्त शासन झाले होते. त्यांच्या शौर्याचा उच्चार उघडपणे करण्याची मुभा १९५६ नंतर कोठे मिळाली होती. दहा वर्षे ज्या मृतांसाठी मोकळेपणाने रडताही आले नाही, त्यांच्याविषयी रडण्याची परवानगी मिळते न मिळते तोच कोणी विनोद करू लागला, तर संताप यावा ह्यात नवल नाही. तथापि हा विनोद सरकारी कचेरीतून आलेला नव्हता. तो त्याच गटारांतून आणि त्याच छावण्यांतून जिवंत बाहेर आलेल्यांनी केलेला होता. अशांच्या तोंडी उपरोध शोभतो, किंबहुना त्यांनाच तो शोभतो.

५

१९६० च्या ‘तिरळे नशीब’ ह्या तिसऱ्या चित्रपटात मुंक आणि स्ताविन्स्की ह्यांनी बाजू पालटली. आतापर्यंत त्यांनी अनिच्छेने वीर झालेली माणसे दाखवली. आता त्यांनी असा मनुष्य दाखवला की, ज्याला काहीतरी व्हावयाचेच आहे, जे कोणी सत्तेवर असतील त्यांच्या पंक्तीला बसावयाचे आहे, आणि प्रत्येक वेळी पंगत उठल्यावरच जो पोचतो. यान पिश्चिक हा शिंप्याचा मुलगा, नाकाने मोठा आणि मनाने लहान. १९३० च्या दशकापासून १९५० च्या दशकापर्यंतच्या सहा अवतारांत आपण त्याला भेटतो. निदर्शनांच्या गर्दीत तो नाकामुळे ज्यू समजला जातो. १९३९ मध्ये ओसाड पडलेल्या लष्करी शाळेत त्याला गणवेश सापडतो आणि तो हौसेने अंगावर चढवतो, तोच जर्मन येऊन त्याला युद्धबंदी करतात. बंदिवासात तो आपण खरोखरीचे अधिकारी असल्याची बतावणी करतो आणि उघडा पडतो. युद्धानंतरच्या सरकारी दफ्तरात तो इमानेइतबारे खुशामत करतो, आणि त्या खुशामतीच्याच पायी पुन्हा गोत्यात येतो.

ही सारी कैफियत पिश्चिक स्वतः सांगतो आहे, आणि ती कोणापुढे व कशासाठी, हे शेवटी कळते: तो तुरुंगात आहे, मुदत संपली आहे, आणि मला सोडू नका अशी त्याची अधिकाऱ्याला विनवणी आहे. बाहेरच्या जगात काय बोलावे आणि कोणाच्या बाजूने बोलावे हे रोज ठरवावे लागते. तुरुंगात नियम छापील असतात. ही विनंती नामंजूर होते. बोगुमिल कोब्येला ह्या नटाने हा लोचटपणा इतक्या मायेने रंगवला आहे की, पिश्चिकचा तिरस्कार करावयाला बसलेला प्रेक्षक हळूहळू आपल्याच नोकरीचा आणि आपल्याच वरिष्ठांचा विचार करू लागतो. बालपणाचा भाग मुंकने मूकपटांच्या धांदलीच्या शैलीत रंगवला आहे, आणि पुढे काळ बदलेल तशी शैलीही बदलली आहे. ही योजना चतुर असली तरी उत्तरार्धातली काही प्रकरणे सैल पडली आहेत. ‘एरोइका’ची घट्ट वीण येथे नाही. ह्याच चित्रपटात रोमान पोलान्स्की एका छोट्या भूमिकेत दिसतो. तो लोड्झच्या विद्यालयात शिकत होता तेव्हा मुंक तेथे अध्यापन करीत असे, आणि येझी स्कोलिमोव्स्कीही त्याच्या विद्यार्थ्यांपैकीच. ह्या दोघांच्या चित्रपटांतली कोरडी थट्टा कोणत्या वर्गातून आली असावी, हे ओळखणे अवघड नाही.

६

१९५९ मध्ये पोलिश आकाशवाणीवर ‘४५ क्रमांकाच्या केबिनमधली प्रवासी’ नावाची नाटिका ध्वनिक्षेपित झाली. लेखिका झोफिया पोस्मिश. गुप्त पत्रकांच्या प्रकरणात १९४२ साली पकडली जाऊन ती आउश्वित्झला पोचली, तेथे तिचा बंदी क्रमांक ७५६६ होता, आणि ती जिवंत परतली. युद्धानंतर पत्रकार म्हणून पॅरिसला गेली असता एका चौकात जर्मन प्रवाशांच्या घोळक्यातून तिच्या कानी एक स्त्रीचा आवाज आला, आणि छावणीतल्या आपल्या पर्यवेक्षिकेचाच तो आवाज आहे असे तिला क्षणभर वाटले. आवाज दुसऱ्याच कोणा बाईचा होता. पण त्या क्षणी मनात उठलेला प्रश्न, तिला खरोखरीच पाहिले असते तर मी काय केले असते, हा तिने लिहिताना उलटा केला: तिने मला पाहिले असते तर? बळी पडलेल्या स्त्रीने छळणाऱ्या स्त्रीच्या मनात शिरून लिहावे, ह्याला जी निर्ममता लागते ती मुंकला तत्काळ ओळखू आली असली पाहिजे. त्याने प्रथम १९६० मध्ये दूरचित्रवाणीवर ते नाट्य सादर केले, आणि मग पोस्मिशसह चित्रपट लिहावयास घेतला. त्याच कथेवर मागाहून वाइनबर्ग ह्या संगीतकाराने ऑपेराही रचला.

‘प्रवासी’ची मुख्य पात्रे दोन. लिझा, एके काळची एस. एस. पर्यवेक्षिका, आता पतीसह एका आगबोटीने युरोपला परतणारी सुखवस्तू बाई; आणि मार्ता, छावणीतली बंदी. बोटीवर चढणाऱ्या एका स्त्रीचा चेहरा लिझाला ओळखीचा वाटतो, आणि इतकी वर्षे दडवलेली गोष्ट पतीला सांगणे तिला भाग पडते. ती सांगते ती पहिली जबानी: मी नोकरीच्या शिस्तीने बांधलेली होते, कोणालाही मारले नाही, उलट त्या मुलीला मी वाचवले. पतीसाठी रचलेल्या ह्या निवेदनानंतर ती एकटी असताना दुसरी जबानी सुरू होते, जी ती फक्त स्वतःला देते, आणि तेथे निराळेच चित्र दिसू लागते. लिझाला मार्ताचा जीव वाचवायचा नव्हता, तिचे मन जिंकायचे होते. उपकार करून, सवलती देऊन, प्रियकराची भेट घडवून ती तिच्याकडून कृतज्ञतेची पावती मागत होती, आणि ती पावती मार्ता देत नव्हती. अलेक्सांद्रा श्लोंस्काचा रेखीव, बंद चेहरा आणि त्यासमोर अन्ना चेपेलेव्स्काची न वाकणारी नजर ह्यांतच हे युद्ध चालते. ही दुसरी जबानीही पुरती विश्वसनीय नाही, ह्याची चुणूक मुंक मधूनमधून देत राहतो.

छावणीचे चित्रण प्रत्यक्ष आउश्वित्झ-बिर्केनाऊच्या आवारात झाले, आणि ते करताना मुंकने आवाज चढवला नाही. लिझाचे काम बंद्यांकडून हिसकावून घेतलेल्या मालाच्या कोठारांवर. तेथे बाबागाड्यांच्या रांगा दिसतात, आणि त्यांतली बालके कोठे गेली हे कोणी बोलत नाही. एका प्रसंगी लहान मुलांची रांग विषारी वायूच्या कोठडीकडे नेली जात असते. वाटेत एका शिपायाच्या हाती साखळीने बांधलेला कुत्रा दिसतो, आणि रांगेतली एक मुलगी क्षणभर थांबून त्याला कुरवाळते. शिपाई काहीच करीत नाही. मुलगी पुढे जाते. क्रौर्याचे इतके निःशब्द वर्णन युद्धोत्तर चित्रपटांत क्वचितच सापडेल. आणि हे दृश्य लिझाच्या आठवणीतले आहे, म्हणजे आपण काही पाहिले नाही असा दावा करणाऱ्या बाईनेच ते पाहिलेले आहे, हा त्यातला खरा आघात होय.

२० सप्टेंबर १९६१ रोजी लोविचजवळच्या रस्त्यावर मोटार-अपघातात मुंकचा मृत्यू झाला. छावणीतले बहुतेक चित्रण हाती होते. बोटीवरच्या प्रसंगांचे जे झाले होते त्यावर तो समाधानी नव्हता. विटोल्ड लेशेविच ह्या जुन्या सहकाऱ्याने आणि इतर मित्रांनी ते काम पुरे करावयाचे ठरवले, आणि त्यांनी योजलेला उपाय त्यांच्या विवेकाची साक्ष देतो. मुंकच्या मनात काय होते ह्याचे अंदाज बांधून त्यांनी नवा शेवट चित्रित केला नाही. बोटीवरचा भाग त्यांनी स्थिर छायाचित्रांतून मांडला, त्यांवर विक्टर वोरोशिल्स्कीने लिहिलेले निवेदन घातले, आणि त्या निवेदनात उघडपणे सांगून टाकले की दिग्दर्शक आता नाही आणि त्याच्या वतीने उत्तरे देण्याचा आमचा इरादा नाही. जेमतेम तासाभराचा हा चित्रपट मुंकच्या दुसऱ्या स्मृतिदिनी, २० सप्टेंबर १९६३ रोजी, प्रदर्शित झाला. पुढच्या वर्षी कान महोत्सवात आंतरराष्ट्रीय समीक्षक-संघाने त्याला पारितोषिक दिले.

७

अकाली मृत्यूने कलावंताभोवती जे वलय उभे राहते त्याचा मुंकनेच अधिक्षेप केला असता. लोड्झच्या विद्यालयातर्फे पदार्पणाच्या उत्कृष्ट चित्रपटाला त्याच्या नावाने पुरस्कार दिला जातो, ते उचितच आहे. परंतु ‘प्रवासी’ अपुरा राहिला म्हणूनच तो थोर झाला, स्थिर छायाचित्रे हीच त्याची खरी भाषा ठरली, असे जे वारंवार म्हटले जाते, ते माळ्यावरच्या झाविस्तोव्स्कीला घातलेल्या हारांपैकीच एक समजावे. बोटीवरचा भाग पुरा झाला असता तर लिझाचे आजचे सुखवस्तू जीवन आणि तिच्या पतीचा सोयीस्कर अज्ञपणा ह्यांची झडती मुंकने किती निर्दयपणे घेतली असती, ह्याची कल्पना आधीचे तीन चित्रपट पाहून करता येते, आणि ते हुकले ह्यात लाभ काहीच नाही. म्हणून ज्या वाचकाला मुंकचा परिचय करून घ्यावयाचा असेल त्याने ‘प्रवासी’पासून सुरुवात करू नये, ‘रुळांवरचा माणूस’ प्रथम पाहावा, मग ‘एरोइका’, आणि सवड झाल्यास ‘प्रवासी’कडे वळण्यापूर्वी पिश्चिकची भेट घ्यावी. त्या क्रमाने गेले म्हणजे आरंभी उपस्थित केलेल्या प्रश्नाचे उत्तर चित्रपटच देतात.

ते उत्तर असे की, मुंकने वीरत्व नाकारले नव्हते; पुराव्यावाचून ते मान्य करावयास नकार दिला होता. ओझेहोव्स्कीचे शौर्य त्याच्या हितशत्रूंच्या साक्षींतून गाळून निघाल्यावर उरते. जिजूशचे शौर्य त्याच्या भित्रेपणाची पुरती नोंद केल्यावर उरते. झाविस्तोव्स्कीचे उरत नाही, आणि मुंक तसे दाखवायला कचरत नाही. आणि मार्ता? तिच्या धैर्याविषयी ती स्वतः एक अक्षर बोलत नाही, तिचे मित्र बोलत नाहीत, कोणी कवी बोलत नाही. ते आपल्याला कळते ते सर्वस्वी लिझाच्या तोंडून, आणि तेही लिझा स्वतःचा बचाव मांडीत असताना. स्वतःच्या हिताविरुद्ध पक्षकाराने दिलेली कबुली हा भक्कम पुरावा होय, हे कायद्याचा अभ्यास केलेल्या ह्या दिग्दर्शकाला ठाऊक असणारच. आयुष्यभर वीरांना पिंजऱ्यात उभे करणाऱ्या मुंकला अखेरच्या चित्रपटात जी वीरांगना सापडली, तिच्या बाजूने साक्ष द्यावयास त्याने तिच्या वैरिणीलाच पाचारण केले. आणि त्या साक्षीने सिद्ध झालेले वीरत्व कोणत्याही उलटतपासणीत टिकणारे आहे.